झेडपी-पीडब्ल्यूडीकडे बिल अडकले : रिट करायची की दावा लावायचा?

प्रश्न थोडक्यात असा : भुदरगड तालुक्यातले एक नोंदणीकृत कंत्राटदार आहेत. जिल्हा परिषदेच्या ग्रामीण पाणीपुरवठा विभागाकडची जलजीवन मिशनची एक नळपाणी योजना त्यांनी मार्च २०२४ मध्ये पूर्ण केली. त्याचे ३८ लाखांचे फायनल बिल पडून आहे. दुसरे काम जुलै २०२१ च्या पुरातले. बांधकाम विभागाच्या अधिकाऱ्यांनी फोन करून सांगितले म्हणून दरड काढली, वाहून गेलेली मोरी बांधली. त्याचे साडेनऊ लाख येणे आहेत आणि वर्क ऑर्डर नाही. त्यांना विचारायचे आहे की रिट याचिका करून थेट हायकोर्टात जाता येईल का, व्याज मिळेल का, कोर्टात गेल्यावर काळ्या यादीत टाकतील का, आणि ज्या मित्राने दुसऱ्याच्या लायसनवर काम केले त्याने काय करावे.

उत्तर :

रिट की दावा हे ठरवण्याआधी तुमची कागदांची पिशवी उघडा आणि एकच गोष्ट शोधा. हे पैसे तुम्हाला देणे आहेत असे खात्याने स्वतःच्या सहीने कुठे लिहिले आहे का? दाव्याची मुदत, रिट टिकण्याची शक्यता, व्याज आणि तडजोडीतली तुमची बाजू हे सगळे त्या कागदावर उभे राहते. कागद नसेल तर वकीलपत्रावर सही करण्याआधी तो मिळवण्याच्या मागे लागा. कोल्हापूरच्या कोर्टांत कंत्राटदारांच्या बाजूने उभे राहताना मी हे वर्षानुवर्षे पाहत आलो आहे. काम उत्तम, नळाला पाणी चालू, पण फाइलमध्ये खात्याचे एकही नीट पत्र नाही. अशा माणसाला कोर्टात फार सोसावे लागते. कामात चौकशी अहवाल निघण्याइतका दोष असला तरी ज्याच्याकडे ‘देयक प्रलंबित आहे’ एवढी एक ओळ आहे, त्याचे काम त्यामानाने लवकर मार्गी लागते.

आधी जिल्हा परिषदेचे बिल घेऊ, कारण त्यात तुमची बाजू भक्कम दिसते. करारनामा आणि कार्यारंभ आदेश तुमच्याकडे आहेत. आता एमबीची, म्हणजे मोजमाप पुस्तकाची, प्रमाणित प्रत मिळवा. शाखा अभियंत्याने घेतलेली मोजमापे उपअभियंत्याने तपासून सही केलेली आहे ना, हे पानापानावर पाहा. नुसती नोंद चढवलेली आणि तपासणीची सही नसलेली एमबी कोर्टात अर्धीच कामाला येते. जलजीवनच्या कामांत आणखी दोन कागद लागतात : त्रयस्थ संस्थेचा तपासणी अहवाल आणि ग्रामपंचायतीने योजना ताब्यात घेतल्याचे पत्र. बिल अडले की खात्याकडून बहुतेकदा ‘योजनेचे हस्तांतरण झालेले नाही, म्हणून काम पूर्ण नाही’ असे उत्तर येते. गावात दोन गट असतात, सरपंच सही करत नाही, आणि त्याचा भुर्दंड तुमच्यावर पडतो. तसे असेल तर योजना चालू आहे, अमुक तारखेपासून पाणी सुरू आहे, ताबा घ्यावा, असे ग्रामपंचायतीला व विभागाला लेखी कळवा आणि दोन्हींची पोच घ्या.

खात्याकडून प्रत सरळ मिळत नसेल तर माहितीचा अधिकार आहेच. तीस दिवसांत उत्तर द्यावे लागते. मात्र अर्जात ‘माझ्या बिलाची सर्व माहिती द्या’ असे मोघम लिहू नका. चार गोष्टी नेमक्या मागा : एमबीची पाने, बिलावरच्या लेखाशाखेच्या टिपण्या, निधी मागणीची पत्रे, आणि प्रलंबित दायित्वाचे विवरणपत्र. यातली शेवटची गोष्ट सोन्यासारखी आहे. कोणत्या कामाचे किती देणे बाकी आहे याची यादी विभाग वेळोवेळी सही करून वर पाठवतो. त्यात तुमच्या योजनेसमोर ३८ लाखांचा आकडा असेल, तर देणे मान्य असल्याचा तो पुरावा आहे, मग ते पत्र तुम्हाला पाठवलेले नसले तरी. मुदत कायद्याच्या कलम १८ च्या स्पष्टीकरणात तसे शब्द आहेत. देण्याची कबुली तुमच्याऐवजी तिसऱ्याच कोणाला उद्देशून असली तरी चालते, आणि ‘पैसे देण्याची वेळ अजून आलेली नाही’ असे त्यात म्हटले असले तरीही चालते. अट एवढीच की ती लेखी असावी, देणेकऱ्याची किंवा त्याच्या अधिकृत माणसाची सही असावी, आणि मूळ मुदत संपायच्या आत झालेली असावी. सही झाल्या तारखेपासून तीन वर्षे नव्याने मोजायची.

मुदतीबद्दल जरा थांबून सांगतो, कारण सगळ्यात जास्त नुकसान इथे होते. केलेल्या कामाच्या मोबदल्याचा दावा करारात पैसे देण्याची वेळ ठरलेली नसेल तर काम झाल्यापासून तीन वर्षांत लावावा लागतो. मुदत कायद्याच्या परिशिष्टातला अनुच्छेद १८ तसे सांगतो. (आधीचे कलम १८ वेगळे आणि हा अनुच्छेद १८ वेगळा, गल्लत करू नका.) म्हणजे तुमच्या योजनेची साधी मुदत मार्च २०२७ मध्ये संपते. आता माणूस काय करतो? दर दोन महिन्यांनी स्मरणपत्र देतो, साहेब ‘पुढच्या हप्त्यात बघू’ म्हणतात, आणि त्याला वाटते आपण पाठपुरावा करतोय म्हणजे मुदत जिवंत आहे. तसे होत नाही. तुमच्या स्मरणपत्रांनी मुदत एका दिवसानेही वाढत नाही. ‘बी अँड टी एजी विरुद्ध संरक्षण मंत्रालय’ या २०२३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने वाटाघाटी चालू राहिल्या म्हणून मुदतीचे घड्याळ थांबत नाही असे स्पष्ट म्हटले आहे. मुदत वाढते ती त्यांच्या सहीने किंवा त्यांनी लेखी नोंदीसह काही रक्कम दिली तर. म्हणून स्मरणपत्र असे लिहा की त्याला उत्तर द्यावे लागेल. ‘आमचे फायनल बिल रुपये अमुक आपल्याकडे प्रलंबित आहे, निधीअभावी ते थांबले आहे की अन्य कारणाने, हे लेखी कळवावे’ असा एक साधा प्रश्न पुरतो. ‘निधी उपलब्ध होताच देयक अदा करण्यात येईल’ असे एका ओळीचे उत्तर आले तरी तुमचे मोठे काम झाले.

अनामत रकमेची मुदत वेगळी चालते. ती दोष दायित्व कालावधी (कामातला दोष कंत्राटदाराने दुरुस्त करून देण्याचा काळ) संपल्यावर परत मिळायची असते, तेव्हा तीन वर्षेही तिथून मोजायची. बिल आणि अनामत एकाच तारखेला बांधून टाकू नका.

आता निधीचे कारण. जलजीवन मिशन १५ ऑगस्ट २०१९ ला जाहीर झाले. महाराष्ट्रात त्याचा खर्च केंद्र आणि राज्य निम्मा-निम्मा उचलते, आणि फेब्रुवारी २०२५ च्या अर्थसंकल्पात योजनेची मुदत २०२८ पर्यंत वाढवली. केंद्राचा हिस्सा अडला की तुमच्यासारख्यांची बिले अडतात हे खरे. पण तुमचा करार केंद्राशी झालेला नाही, करारावर सही जिल्हा परिषदेची आहे. दोन सरकारांमधला हिशेब हा त्यांचा प्रश्न. तरीही निविदेच्या अटी पुन्हा एकदा वाचा. ‘निधीच्या उपलब्धतेनुसार देयक अदा केले जाईल, विलंबाबद्दल व्याज मिळणार नाही’ अशी अट आपल्याकडच्या निविदांत सर्रास असते, आणि टेंडर भरताना ती कोणी वाचत नाही. अशी अट असली तर आम्ही कोर्टात मांडतो ते असे : वेळ ठरलेली नसेल तर वचन वाजवी वेळेत पाळायचे असते असे करार कायद्याचे कलम ४६ सांगते, आणि निधीची अट ही पैसे कधी द्यायचे यासाठी आहे, द्यायचेच नाहीत यासाठी नाही. गाव दोन उन्हाळे त्याच नळाचे पाणी पितंय आणि ते नळ बसवणाऱ्याने पतसंस्थेचे हप्ते कर्ज काढून फेडायचे, हे न्यायाचे नाही. हे मी कोर्टातही असेच म्हणतो.

तर रिट. घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली पैशांसाठी रिट चालते का, यावर सर्वोच्च न्यायालयाचे निकाल दोन्ही बाजूंनी आहेत, आणि ते नीट वाचले तर परस्परविरोधी नाहीत. ‘केरळ राज्य विद्युत मंडळ विरुद्ध कुरियन कलाथिल’ (२०००) या खटल्यात कंत्राटातल्या अटींचा अर्थ आणि त्यातले वाद रिटमध्ये सोडवायचे नाहीत, त्यासाठी दिवाणी कोर्ट किंवा लवाद आहे, असे सांगितले. ‘ए.बी.एल. इंटरनॅशनल’ (२००४) मध्ये म्हटले की शासन किंवा शासकीय संस्था मनमानी करत असेल तर केवळ करार आहे म्हणून रिट नाकारता येत नाही. आणि ‘सूर्या कन्स्ट्रक्शन्स विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य’ (२०१९) हा निकाल तुमच्या परिस्थितीला सगळ्यात जवळचा आहे. तिथे रकमेबद्दल वादच नव्हता, खात्याच्याच कागदात ती मान्य होती. अशा वेळी कंत्राटदाराला दाव्याच्या वाटेला लावणे चूक, असे न्यायालय म्हणाले. म्हणजे पुन्हा तोच कागद.

आपल्यासाठी एक मोठी सोय झाली आहे. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयाच्या इमारतीत सुरू आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणे इथे चालतात. या मागणीसाठी वकिलांनी आणि पक्षकारांनी चाळीस वर्षांहून अधिक काळ लढा दिला. पंधरा-वीस लाखांच्या बिलासाठी मुंबईला वकील लावायचा, रात्रीच्या गाडीने जायचे, तारीख पडली की परत यायचे, या भीतीने कित्येक छोट्या कंत्राटदारांनी हक्काचे पैसे सोडून दिले. ते दिवस आता गेले, ही माझ्या मते या जिल्ह्यातल्या सामान्य माणसासाठी फार मोलाची गोष्ट आहे.

रिट दाखल केल्यावर काय होते तेही ऐका. सरकारी वकील सूचना घेण्यासाठी वेळ मागतात. त्यानंतर खाते प्रतिज्ञापत्र देते. त्यात ‘देयक प्रलंबित आहे, निधीची मागणी केली आहे’ असे आले तर तुमचे काम पुष्कळ सोपे झाले. पण काही वेळा याच टप्प्यावर अचानक दोष उगवतात : पाइप निकृष्ट, खोदाई कमी, चाचणी अपुरी. एकदा वस्तुस्थितीचा वाद उभा राहिला की न्यायालय म्हणू शकते, पुरावा तपासावा लागेल, दिवाणी कोर्टात जा. याला आधीपासून बांध घालायचा असेल तर तपासणी अहवाल आणि काम पूर्णत्वाचा दाखला याचिकेसोबतच जोडा. आणि याचिकेत फक्त निर्विवाद रक्कम मागा. मशिनरी बसून राहिल्याचे नुकसान, भाववाढ, मंजुरी न मिळालेल्या जादा बाबी हे सगळे एकाच याचिकेत कोंबले की ३८ लाखांची स्वच्छ मागणीही त्या गढूळ पाण्यात जाते. उरलेल्या मागणीसाठी दावा करण्याची मुभा मात्र आदेशात लिहून घ्यायला वकिलांना सांगा. रिट प्रलंबित आहे म्हणून त्या उरलेल्या मागणीची मुदत आपोआप थांबत नाही, हेही ध्यानात ठेवा. कधी कधी ‘निवेदनावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या’ एवढाच आदेश मिळतो. तो वाया गेला असे समजू नका. त्या निर्णयात खात्याला काहीतरी लेखी म्हणावेच लागते.

दाव्याची वाट लांबची आहे, पण काही ठिकाणी लोक समजतात तितकी वाईट नाही. बांधकाम कंत्राटातला तीन लाख किंवा त्याहून अधिक रकमेचा वाद वाणिज्यिक न्यायालय कायद्यात येतो, आणि समोर शासन आहे म्हणून तो त्यातून बाहेर जात नाही. त्या कायद्याच्या कलम १२-ए प्रमाणे तातडीचा अंतरिम दिलासा मागायचा नसेल तर दाव्याआधी मध्यस्थीचा अर्ज करावाच लागतो. सर्वोच्च न्यायालयाच्या ‘पाटील ऑटोमेशन’ या २०२२ च्या निकालानंतर याला पळवाट नाही, मध्यस्थी टाळून लावलेला दावा फेटाळला जातो. अर्ज कसबा बावड्याच्या न्यायसंकुलातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे होतो, फी हजार रुपये. समोरचे आलेच नाहीत तर तसा अहवाल मिळतो आणि दाव्याचा रस्ता मोकळा होतो. मध्यस्थीत गेलेला काळ मुदतीतून वगळला जातो. दावा दाखल होऊन समन्स पोचले की खात्याला लेखी म्हणणे देण्यासाठी जास्तीत जास्त १२० दिवस असतात. त्यानंतर तो हक्क संपतो, कोर्टालाही वाढवून देता येत नाही. ‘साहेब बदलले, फाइल सापडत नाही’ म्हणून वर्षभर तारखा घेण्याचे दिवस वाणिज्यिक दाव्यात राहिलेले नाहीत. शिवाय कबुलीचा कागद असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर १२ नियम ६ खाली मान्य रकमेपुरता हुकूमनामा (पैसे देण्याचा कोर्टाचा आदेश) साक्षीपुराव्याआधीच मागता येतो. आपल्याकडे हा अर्ज फार कमी लोक देतात, आणि द्यायला हवा.

दाव्याआधीच्या नोटिशीत पुष्कळ घोळ होतात. बांधकाम विभागाविरुद्ध दावा म्हणजे महाराष्ट्र शासनाविरुद्ध दावा. ‘कार्यकारी अभियंता’ एवढेच नाव प्रतिवादी म्हणून घालून भागत नाही. त्याला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस लागते, आणि ती संबंधित सचिव किंवा जिल्हाधिकारी यांच्याकडे पोचवावी लागते. जिल्हा परिषद ही स्वतंत्र कायदेशीर संस्था आहे, तिच्यावर दावा तिच्या नावानेच, मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांमार्फत करायचा. जिल्हा परिषद, नगरपालिका आणि महापालिका यांच्या कायद्यांत नोटिशीच्या स्वतःच्या तरतुदी आहेत. महापालिका कायद्याच्या कलम ४८७ मध्ये आणि नगरपरिषद कायद्याच्या कलम ३०४ मध्ये एक महिन्याची नोटीस आणि शिवाय सहा महिन्यांत दावा असे म्हटले आहे. त्या तरतुदी कायद्याखाली केलेल्या कृत्यांसाठी आहेत, कंत्राटाच्या साध्या थकबाकीला लागू नाहीत, असा युक्तिवाद आम्ही करतो. पण ज्याला महापालिकेवर किंवा नगरपालिकेवर जायचे आहे त्याने या वादात अडकण्यापेक्षा नोटीस द्यावी आणि सहा महिन्यांच्या आत हालचाल करावी.

करारात लवादाचे कलम आहे का, हेही पाहा. बांधकाम विभागाच्या बी-१ या ठरावीक नमुन्यातल्या करारात कलम ३० आहे, त्यात वाद अधीक्षक अभियंत्यांकडे नेण्याची व्यवस्था आहे. त्याला लवाद समजून बसू नका, पण ती पायरीही चुकवू नका.

आता पुरातले साडेनऊ लाख. हे बिल अवघड आहे, हे आधीच सांगतो, आणि तरीही ते सोडून द्यावे असे मला वाटत नाही. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि २०२१ च्या जुलैमध्ये या जिल्ह्याने काय पाहिले ते सगळ्यांना माहीत आहे. रस्ते तुटलेले, गावांचा संपर्क गेलेला, आणि अशा वेळी ‘जेसीबी पाठवा, कागद नंतर करू’ असा फोन आला की आपला माणूस नाही म्हणत नाही. पुढे साहेबांची बदली होते आणि कागद राहून जातो. शासनाचा करार घटनेच्या अनुच्छेद २९९ प्रमाणे ठरलेल्या रीतीने लेखी झालेला नसेल तर तो करार म्हणून कोर्टात उभा राहत नाही. पण करार कायद्याचे कलम ७० आहे : एखाद्याने फुकट करण्याचा इरादा नसताना दुसऱ्यासाठी कायदेशीररीत्या काम केले आणि दुसऱ्याने त्याचा लाभ घेतला, तर लाभ घेणाऱ्याने भरपाई दिली पाहिजे. ‘पश्चिम बंगाल राज्य विरुद्ध बी. के. मोंडल’ या १९६१ च्या निकालात नेमके हेच घडले होते. अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून बांधकाम झाले, सरकारने ते वापरले, आणि रीतसर करार नाही म्हणून पैसे नाकारले. सर्वोच्च न्यायालयाने कलम ७० खाली पैसे द्यायला लावले. हा निकाल आजही आमचा मुख्य आधार आहे.

इथे तीन गोष्टी सिद्ध कराव्या लागतील : काम खात्याच्या सांगण्यावरून झाले, ते प्रत्यक्ष झाले, आणि खात्याने ते स्वीकारले. जेसीबी-डंपरची लॉगबुके, त्या आठवड्याच्या डिझेलच्या पावत्या, ग्रामपंचायतीचा ठराव, तहसील कार्यालयाला गेलेला पूरनुकसानीचा अहवाल, तारखेसह फोटो हे सगळे गोळा करा. व्हॉट्सअॅपवरचे संदेश असतील तर तो जुना फोन विकू नका आणि फॉरमॅट करू नका. भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र जोडून ते संदेश पुराव्यात देता येतात. रक्कम मात्र तुमच्या बिलाची धरली जाईलच असे नाही. कामाची वाजवी किंमत मिळते, आणि ती मोजायला त्या वर्षीची शासकीय दरसूची बरी पडते. तुमचे बिल या दरसूचीच्या (डीएसआरच्या) दराने पुन्हा मांडून घ्या.

मुदतीचे गणित असे. काम कोविडच्या काळात झाले. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ सर्वोच्च न्यायालयाने मुदतीतून वगळला आहे, त्यामुळे तुमची तीन वर्षे १ मार्च २०२२ पासून मोजली जातील आणि फेब्रुवारी २०२५ च्या अखेरीस संपतील. ती तारीख गेली. पण तुम्ही सोबत कार्यकारी अभियंत्यांचे डिसेंबर २०२४ चे पत्र जोडले आहे. ते मुदत संपायच्या आतले आहे, म्हणून सगळे त्याच्या शब्दांवर आहे. ‘सदर आपत्कालीन काम आपणामार्फत करण्यात आले असून देयकाचा प्रस्ताव वरिष्ठ कार्यालयास सादर केला आहे’ असे त्यात लिहिले आहे. काम झाल्याची आणि देयक बाकी असल्याची ही कबुली आहे असे मी मांडेन, कारण कबुलीचे शब्द उदारपणे वाचावेत अशी न्यायालयांची भूमिका राहिली आहे. समोरचे म्हणतील की प्रस्ताव पाठवणे म्हणजे देणे मान्य करणे नव्हे. तोही युक्तिवाद हलका नाही. तो प्रस्ताव माहिती अधिकारात मिळवा. त्यात ‘कंत्राटदारास रुपये अमुक देय आहेत’ असे असेल आणि तारीख फेब्रुवारी २०२५ च्या आतली असेल, तर पुष्कळ शंका मिटते. या बिलासाठी रिटच्या मागे लागू नका, हा पुराव्याचा दावा आहे. डिसेंबर २०२७ ची वाटही पाहू नका. कलम ८० ची नोटीस या महिन्यात द्या.

व्याजाचे उत्तर बऱ्याच अंशी तुमच्या पत्रात आहे. करारात व्याजाचा दर नसेल तर व्याज अधिनियम १९७८ प्रमाणे लेखी मागणीच्या तारखेपासून व्याज मागता येते, पण त्या मागणीपत्रात ‘या तारखेपासून व्याज आकारले जाईल’ असे म्हटलेले असले पाहिजे. तुमच्या एकाही स्मरणपत्रात ते वाक्य नाही. पुढच्या पत्रात घाला. दावा लावल्यापासून पुढचे व्याज दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ३४ खाली कोर्ट ठरवते. उद्यम नोंदणी आहे म्हणून लघुउद्योग कायद्याचे बँकदराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज मिळेल असे तुम्हाला कोणी सांगितले असेल, तर सावध राहा. कामाच्या कंत्राटांना तो कायदा लागू नाही अशी मुंबई उच्च न्यायालयाची भूमिका आहे. निव्वळ माल पुरवणाऱ्यांची गोष्ट वेगळी.

फायनल बिलावर सही करताना ‘माझी काही तक्रार नाही’ असा छापील मजकूर असतो. रक्कम कापलेली असेल तर सहीशेजारी ‘हक्क राखून, निषेधासह’ असे लिहा आणि त्याच दिवशी तसे पत्र आवक शाखेत द्या. पैशांची गरज असते, मागचा-पुढचा विचार न करता सही होते, आणि मग ती सही मागे घ्यायला दोन वर्षे भांडावे लागते.

काळ्या यादीची भीती मला समजते, कारण पुढची कामे त्याच टेबलावरून मिळवायची असतात. पण कारणे दाखवा नोटीस आणि बाजू मांडण्याची संधी दिल्याशिवाय कोणाला काळ्या यादीत टाकता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या १९७५ च्या ‘इरुशियन इक्विपमेंट’ निकालापासून हे पक्के आहे. हक्काचे पैसे कोर्टात मागितले हे काळ्या यादीचे कारण होऊच शकत नाही, आणि तसे कोणी केले तर ती रिट तुमच्या बिलाच्या रिटपेक्षाही सोपी आहे. ‘टक्के ठरवा म्हणजे बिल निघेल’ असे जे तुम्हाला सांगितले गेले, त्याबद्दल एवढेच : लाचलुचपत प्रतिबंधक कायद्याच्या २०१८ च्या दुरुस्तीनंतर लाच देणाराही गुन्हेगार ठरतो. दबावाखाली दिली असेल तर सात दिवसांत तक्रार केल्यासच संरक्षण आहे. लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा क्रमांक १०६४.

हुकूमनामा झाला की पैसे आले असे नाही, तेव्हा दरखास्तीची, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीच्या अर्जाची, तयारीही आधीपासून ठेवा. शासनाविरुद्धच्या हुकूमनाम्याची दरखास्त तीन महिने पैसे न दिल्यानंतरच चालते. जिल्हा परिषदेबाबतीत बँकखाते जप्तीचा अर्ज परिणामकारक ठरतो, म्हणून कोणत्या खात्यातून तुमची आधीची रनिंग (काम चालू असतानाची) बिले आली त्याचा तपशील जपून ठेवा. खुर्ची-टेबल आणि गाडीच्या जप्तीने पेपरात बातमी येते, पण खात्यावरची जप्ती पैसे आणते. अपिलात स्थगिती मागितली गेली तर रक्कम कोर्टात भरण्याच्या अटीवरच ती द्यावी असा आग्रह धरा. आणि लोकअदालतीत विभागाकडून मुद्दल एकरकमी देण्याचा खरा प्रस्ताव आला तर व्याजासाठी तो लगेच झिडकारू नका. तिथला निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही आणि कोर्ट फी परत मिळते. छोट्या माणसाला वेळेत मिळालेले मुद्दल अनेकदा सहा वर्षांनी मिळणाऱ्या व्याजापेक्षा जास्त उपयोगाचे असते.

राहिला तुमचा मित्र, ज्याने दुसऱ्याच्या लायसनवर काम केले. त्याची स्थिती सगळ्यांत नाजूक आहे आणि तो एकटा नाही, या भागात असे शेकडो तरुण आहेत. खात्याच्या नोंदीत त्याचे नावच नसते, त्यामुळे खात्याविरुद्ध त्याला थेट काही मागता येत नाही. त्याचा दावा मूळ कंत्राटदारावर. त्याने आजच मूळ कंत्राटदाराकडून स्टॅम्पपेपरवर हिशेब लिहून घ्यावा : कोणते काम, किती खर्च, किती येणे, आणि बिल आल्यावर किती दिवसांत द्यायचे. बिलाचे येणेच त्याच्या नावे लेखी हस्तांतरित करता येते का, हेही पाहावे. मालमत्ता हस्तांतरण कायद्याचे कलम १३० तशी सोय देते, पण मूळ करारात काम दुसऱ्याला द्यायला मनाई असेल तर त्यातून नवे भांडण निघू शकते, म्हणून आधी करार वकिलाला दाखवावा. कबुली द्यायला मूळ कंत्राटदार टाळाटाळ करत असेल तर बँकेतून त्याला गेलेले-आलेले पैसे, माल त्याच्या नावाने घेतल्याची बिले आणि मजुरांचे हजेरीपट याच्यावर दावा उभा राहतो. तीन वर्षांची मुदत त्यालाही आहे, आणि मूळ कंत्राटदाराचे बिल खात्याकडे अडले आहे म्हणून ती थांबलेली नाही.